बाकी उरली पाहिजे

‘ऊस गेला की देतो.’ कोल्हापूर जिल्ह्यात उधारीच्या व्यवहारात ही तारीख धरली जाते. तोड कधी लागणार, ऊस काट्यावर कधी चढणार, बिल बँकेत कधी जमा होणार, याचा अंदाज देणाऱ्याच्या आणि घेणाऱ्याच्या डोक्यात सारखाच असतो. तशीच ‘मिरग निघाला की’, ‘गणपतीच्या आत’, ‘जोतिबाची जत्रा झाली की’. भिंतीवर दिनदर्शिका असते, मोबाइलवर तारीख असते. पण शब्द द्यायची वेळ आली की जिभेवर येतात त्या या तारखा.

कल्पित जगाची कथा लिहिणारे कालगणना रचायला बसतात तेव्हा बहुतेकांची सुरुवात महिन्यांच्या नावांपासून होते. हिममास, अग्निमास, छायामास. बारा नावं, प्रत्येकी ३० दिवस, ३६० दिवसांचं वर्ष, आठवडा सहा दिवसांचा, म्हणजे महिन्यात बरोबर पाच आठवडे. वहीत सुरेख दिसतं. पण अशा जगात जोश्याकडे जाऊन काही विचारायची गरज कुणालाच पडत नाही. सण कधी धरायचा यावरून दोन घरांत वाद होत नाही, व्याजाचा हिशेब चुकत नाही, आणि मग त्या कालगणनेतून गोष्टीच्या हाताला काही लागतही नाही. भागाकार पुरा सुटू द्यायचा नाही. बाकी उरली पाहिजे.

आपल्या आकाशात ती भरपूर उरते. अमावास्येपासून अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस. ऋतूंचं वर्ष ३६५.२४ दिवसांचं. बारा चांद्रमास म्हणजे ३५४.३७ दिवस, म्हणजे दर वर्षी जवळजवळ ११ दिवस शिल्लक. या ११ दिवसांचं काय करायचं याची तीन उत्तरं कोल्हापूरच्या एकाच भिंतीवर टांगलेली दिसतात. इंग्रजी तारखेनं चंद्राचा नाद सोडला. तिच्या महिन्याचा पौर्णिमेशी काही संबंध राहिला नाही. हिजरी सनानं चंद्र धरला आणि ऋतू सोडले, म्हणून मोहरमचे पंजे कधी पावसात बसतात, कधी उन्हाळ्यात. सुमारे ३३ वर्षांत मोहरम सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. आणि आपण दोन्ही धरून ठेवले, त्यासाठी अधूनमधून एक जादा महिना घातला. १९ वर्षांत सात अधिकमास घातले की चंद्र आणि सूर्य जवळजवळ पुन्हा त्याच जागी येतात.

जादा महिन्याचा हिशेब गणित्यानं केला, पण त्याला लोकांनी काय केलं ते बघा. त्याचं नाव धोंड्याचा महिना पडलं. त्यात लग्नं नाहीत, वास्तुशांत नाही. पण जावयाला जेवायला बोलवायचं, पुरणाचे धोंडे करायचे, अनारसे वाण द्यायचे. आणि म्हणही तिथूनच आली, दुष्काळात तेरावा महिना. आधीच धान्य सरलेलं, त्यात पंचांगानं आणखी एक महिना पोसायला आणला. २९.५३ आणि ३६५.२४ यांच्या वजाबाकीतून जेवणावळ, निषेध आणि म्हण, तिन्ही निघाली. कल्पित जगाची कालगणना रचताना हात इथवर पोचवायचा असतो.

आता प्रत्यक्ष रचून बघू. समजा आपल्या जगाचं वर्ष ४०२.४ दिवसांचं आणि त्याच्या चंद्राचा महिना ३१.६ दिवसांचा. दोन्ही आकडे मुद्दाम अपूर्णांकात घेतलेत. भागाकार केला की १२.७३४ येतात. पूर्णांक बाजूला ठेवायचा आणि ०.७३४ ला एक, दोन, तीन असं गुणत जायचं, पूर्ण संख्येच्या अगदी जवळ कधी येतं ते बघायचं. चारनं गुणलं की २.९४, अजून कच्चं आहे. अकरानं ८.०८, बरं आहे. पंधरानं ११.०१. इथं थांबायचं. म्हणजे १५ वर्षांत १९१ महिने बसतात. पडताळा घ्या: १५ वर्षांचे ६०३६ दिवस, १९१ महिन्यांचे ६०३५.६. चार दशांश दिवसाचा फरक राहिला. तो पुसायचा नाही, पुढं कामाला येतो.

बारा महिन्यांचं वर्ष धरलं तर इथं दर वर्षी २३ दिवसांवर शिल्लक राहते आणि चारांतल्या तीन वर्षी अधिकमास घालावा लागतो. इतक्या वेळा येणारा पाहुणा पाहुणा राहत नाही. म्हणून हे लोक तेरा महिन्यांचं वर्ष धरतील. तेरा महिन्यांचे ४१०.८ दिवस होतात, वर्षापेक्षा ८.४ जास्त. आपल्याकडे दिवस कमी पडतात, त्यांच्याकडे ते जादा होतात. तेव्हा त्यांना महिना घालावा लागणार नाही, गाळावा लागेल. १५ वर्षांचे तेराप्रमाणे १९५ महिने झाले असते, बसतात १९१. पंधरा वर्षांत चार महिने गाळायचे.

गाळलेला महिना आपल्यालाही अगदीच परका नाही. सूर्य डिसेंबर-जानेवारीत आकाशात जरा भराभर सरकतो, कारण पृथ्वी तेव्हा सूर्याच्या जवळ असते. त्या दिवसांत एक रास ओलांडायला त्याला चांद्रमासापेक्षाही किंचित कमी वेळ लागतो, आणि क्वचित एकाच चांद्रमासात दोन संक्रांती पडतात. मग तो क्षयमास. शके १९०४ मध्ये, म्हणजे १९८३ च्या सुरुवातीला, माघ असा गेला होता. ज्या वर्षी क्षय येतो त्या वर्षी त्याच्या मागंपुढं दोन अधिक येतात, म्हणजे हिशेब वळतो. आपल्यासाठी ही क्वचितची, कधी कधी कित्येक पिढ्यांनी येणारी गोष्ट. आपल्या कल्पित लोकांसाठी चौथ्या वर्षाची.

त्या महिन्याला नाव काय द्यायचं? हिशेबाच्या वहीत ‘बुडीत’ म्हणता येईल. पण लोकांच्या तोंडी मला ‘खाडा’ जास्त शोभतो. कामावर न आलेल्या दिवसाला आपण जो शब्द वापरतो तोच. ‘यंदा खाड्याचं साल आहे’ एवढं म्हटलं की पात्राच्या आवाजात काळजी आपोआप येते. बाकीच्या महिन्यांची नावंही अशीच कामावरून घ्यावीत: पहिलं पाणी, चिखल, लावण, भांगलण, कणीस, मळणी. सगळी तेरा एकाच साच्यातली नकोत. दोनतीन नावं अशी असावीत की त्यांचा अर्थ आता कुणालाच सांगता येत नाही. जुन्या भाषेतून आली आणि राहिली. आपला पौष ऐकताना पुष्य नक्षत्र किती जणांच्या मनात येतं?

आता खाड्याच्या सालात काय बिघडतं ते. सावकाराचं व्याज महिन्याला शेकडा दोन असेल तर नेहमीच्या वर्षी २६ होतात, खाड्याच्या वर्षी २४. म्हणजे सावकार दस्तात ‘महिना’ लिहिणार नाही, ‘साल’ लिहिणार. आणि हुशार कुळ नेमकं त्याच्या उलट मागणार. सालगड्याचा करार वर्षावर असेल तर त्याला एक महिना कमी राबून तोच मोबदला, आणि मालकाच्या कपाळावर आठी. महिन्यावर पगार असलेल्या पहारेकऱ्याचा एक पगारच गायब. गाळलेल्या महिन्यात देवाची जत्रा येत असेल तर ती आदल्या महिन्यात धरायची की पुढच्या, यावर दोन पुजारी घराण्यांचं पटणार नाही. त्या महिन्यात जन्मलेल्या मुलीचं वय? तिची आई दर वर्षी धरून मोजते, आत्या तिथी आल्यावरच मोजते, आणि लग्न ठरवताना दोघींच्या आकड्यांत पंधराव्या वर्षाला चारचा फरक पडतो.

वयाचा आणखी एक सापळा आहे. त्यांचं वर्ष आपल्यापेक्षा दहा टक्क्यांनी मोठं. तिथला सोळा वर्षांचा मुलगा आपल्या हिशेबानं साडेसतरा ओलांडलेला, आणि साठीचा म्हातारा सहासष्टचा. लेखक हे विसरला की त्याचा सोळाचा नायक कधी पोरगेला, कधी बाप्या वाटत राहतो.

हे सगळं गणित त्या लोकांना कळतं कसं? त्यांच्याकडे घड्याळ नाही, दुर्बीण नाही. दरवाजा आहे. कोल्हापूरकरांना हे सांगायला नको. अंबाबाईचं देऊळ पश्चिमाभिमुख आहे. नोव्हेंबरात ९, १० आणि ११ तारखेला, आणि पुन्हा ३१ जानेवारी, १ आणि २ फेब्रुवारीला मावळतीची किरणं महाद्वाराच्या बाजूनं आत शिरून गाभाऱ्यातल्या मूर्तीपर्यंत जातात. किरणोत्सवाच्या या तारखा नीट मोजा. १० नोव्हेंबर ते १ फेब्रुवारी ८३ दिवस. निम्मे साडेएकेचाळीस. १० नोव्हेंबरमध्ये मिळवले की २१-२२ डिसेंबर येतो, वर्षातला सर्वात लहान दिवस. सूर्य दक्षिणेकडे जाताना एकदा त्या दारातून डोकावतो आणि परत येताना पुन्हा एकदा.

यातली खरी युक्ती पुढंच आहे. सर्वात लहान दिवस थेट बघून ठरवता येत नाही. त्या सुमाराला मावळतीची जागा आठवडाभर जवळजवळ हलतच नाही. दोन माणसं क्षितिजाकडे बघून वेगवेगळे दिवस सांगतील आणि दोघंही प्रामाणिक असतील. नोव्हेंबरच्या सुरुवातीला मात्र सूर्य रोज पाव अंशापेक्षा थोडा जास्त, म्हणजे स्वतःच्या बिंबाच्या निम्म्याहून अधिक सरकत असतो. १०० मीटर लांबीच्या बोळातून किरण येत असेल तर भिंतीवरचा उजेड रोज हातभर बाजूला जातो. हातभर सरकलेलं कुणालाही दिसतं. म्हणून जाणता पुजारी लहान दिवसाची वाट बघत बसत नाही. दोन्ही बाजूंचे झपाट्याचे दिवस पकडतो, मधले मोजतो आणि निम्मे करतो. अशी पंधरावीस वर्षांची नोंद दोरीच्या गाठींनी ठेवली तरी वर्षाची लांबी अपूर्णांकासकट हाती येते. ४०२.४ असेल तर पाच वर्षांत २०१२ दिवस, म्हणजे चारशे दोनच्या हिशेबापेक्षा पाच वर्षांत दोन गाठी जास्त.

चुकतं कुठं? ढग आले की ते वर्ष गेलं. वाटेत नवं बांधकाम उभं राहिलं, छपराची कड पुढं आली, की किरण गाभाऱ्याअलीकडेच अडतो. हवेत धूर-धूळ असली की क्षितिजाजवळ सूर्य मावळण्याआधीच विझतो. किरणोत्सवाच्या वेळी कोल्हापूरकर या तिन्ही गोष्टींकडे डोळे लावून असतात. कल्पित नगरात एखाद्या सरदारानं देवळाच्या पश्चिमेला माडी चढवली, तर ती भांडणाची बाब राज्याच्या कालगणनेपर्यंत जाते. नुसत्या इमल्याच्या उंचीवरून इतकं मोठं संकट दुसरीकडे कुठं उभं करता येणार नाही.

रात्रीच्या प्रसंगांबद्दल एवढंच सांगतो की मराठी वाचक चंद्राच्या बाबतीत फसत नाही. संकष्टी धरणाऱ्या घरात चतुर्थीचा चंद्र रात्री नऊच्या आसपास उगवतो हे लहान पोरालाही ठाऊक असतं, कारण तोवर जेवण नसतं. पौर्णिमेचा चंद्र सूर्य मावळताना उगवतो, वद्य अष्टमीचा मध्यरात्रीच्या सुमारास, आणि अमावास्येच्या आदल्या दिवशीचा पहाटे. आपला चंद्र रोज सरासरी ५० मिनिटं उशिरा येतो, ३१.६ दिवसांचा महिना आणि २४ तासांचा दिवस असेल तर साधारण ४७ मिनिटं. ‘सायंकाळी पूर्वेला चंद्रकोर उगवली’ असं लिहिलं की वाचकाचा विश्वास तिथंच उडाला. संध्याकाळची कोर पश्चिमेलाच असते आणि ती मावळत असते.

दोन चंद्रांचा मोह पुष्कळांना होतो. घ्यावेत, पण भागाकार करून. दुसऱ्या चंद्राची पौर्णिमा दर ११ दिवसांनी येत असेल, तर दोन्ही पौर्णिमा एकाच रात्री येण्याचा योग ३१.६ गुणिले ११, म्हणजे सरासरी ३४८ दिवसांतून एकदा येतो. दर वर्षाला साधारण एक. गोष्टीत मात्र तो ‘सहस्र वर्षांतून एकदा’ असतो आणि त्यावर सगळं भाकीत उभं असतं. खरोखर दुर्मीळ योग हवा असेल तर ग्रहणासारखी तिसरी अट घालावी लागते. दर वर्षी येणारी जोडपौर्णिमा मला तरी भाकितापेक्षा आवडते: तिची जत्रा भरेल, आणि तारीख दर वर्षी मागंपुढं होत असल्यानं पाळणेवाले, मिठाईवाले आणि पोरं ती कधी आहे हे विचारत राहतील.

आठवडा आकाशातून घेऊ नये. तो बाजारातून येतो. व्यापारी किती गावं करून परत पहिल्या गावी येतो, तितक्या दिवसांचा आठवडा. बैलगाडीनं दिवसाला २० ते २५ किलोमीटर होतात. तेवढ्या अंतरावर सहा पेठा असतील तर सहाचा. तो महिन्यात बसणार नाही, आणि बसवूही नये. जोतिबाचा रविवार आणि चैत्र पौर्णिमा दर वर्षी जुळत नाहीत, म्हणून ज्या वर्षी जुळतात त्या वर्षी डोंगरावर जास्त रेटारेटी असते.

सनांचं जरा सविस्तर सांगायला हवं, कारण रहस्यकथा लिहिणाऱ्याला इतकं चांगलं हत्यार दुसरं नाही. मराठ्यांच्या जुन्या कागदांत शालिवाहन शक असतो, शुहूर सन असतो, फसली असते, १६७४ नंतर राज्याभिषेक शकही येतो. शालिवाहन शकात ७८ किंवा ७९ मिळवले की इसवी सन येतो. शुहूर सनात ५९९ किंवा ६००. हे ‘किंवा’ महत्त्वाचं आहे. शक पाडव्याला बदलतो. शुहूर सन सूर्य मृगात शिरला की, म्हणजे जूनच्या पहिल्या आठवड्यात बदलतो, म्हणूनच त्याला मृगसाल म्हणतात. पाडवा ते मृग या दोनअडीच महिन्यांत एक वर्ष पालटलेलं असतं आणि दुसरं नसतं. त्या काळातला बनावट दस्त इथंच पकडला जातो: लिहिणाऱ्यानं दोन्ही साल एकदमच बदलून टाकलेले असतात. आपल्या जगात एक सन देवळाचा, दारातल्या किरणापासून सुरू होणारा, आणि एक शेतसाऱ्याचा, पहिल्या पाण्यापासून सुरू होणारा, एवढे दोन पुरेत.

राजानं एकच शुद्ध कालगणना सगळ्यांवर लादली तर? तेही आपल्याकडे झालंय. मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखालच्या समितीनं १९५५ मध्ये अहवाल दिला आणि २२ मार्च १९५७ ला १ चैत्र १८७९ धरून भारतीय राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. रचना अतिशय विचारपूर्वक केलेली आहे. वैशाख ते भाद्रपद ३१ दिवसांचे, कारण त्या काळात सूर्य संथ चालतो. बाकीचे ३० चे, आणि लीप वर्षी चैत्राला एक दिवस जादा. राजपत्रावर ती छापली जाते, आकाशवाणीवर सांगितली जाते. पण तिच्या चैत्रातल्या १५ तारखेला सहसा पौर्णिमा नसते, त्यामुळे ती तारीख बघून सासनकाठ्या जोतिबाच्या डोंगराकडे निघत नाहीत. ज्या तारखेला जत्रा नाही, देणं नाही, उपास नाही, ती घरात राहत नाही. मला या दिनदर्शिकेबद्दल फार आदर आहे, आणि तिच्या वाट्याला आलेलं हे एकटेपण मनाला लागतं. कल्पित राज्यात अशी एक शुद्ध, सरकारी, कुणी न वापरलेली गणना जरूर ठेवावी, आणि ती रचणारा माणूस हुशार आणि सच्चा असावा.

राहिला तो चार दशांश दिवस. खाडा कधी गाळायचा याचा नियम साधा आहे: दर वर्षी ८.४ दिवसांची वाढ जमा होते, ती ३१.६ भरली की एक महिना गाळायचा. चौथ्या वर्षी जमा ३३.६, खाडा गाळला, दोन दिवस मागं राहिले. आठव्या वर्षी ३५.६, चार राहिले. बाराव्या वर्षी ३७.६, सहा राहिले. पंधराव्या वर्षी सहा अधिक २५.२, म्हणजे ३१.२. महिना भरायला चार दशांश कमी.

देवळाचे लोक म्हणतील, पंधराचं चक्र आहे, गाळा. ०.४ कडे बघत बसाल तर चक्र मोडेल. साऱ्याच्या कचेरीतले म्हणतील, भरलं नाही तोवर गाळायचं नाही, सोळाव्या वर्षी बघू. दोघांचंही गणित बरोबर आहे. आपल्याकडे स्मार्त आणि भागवत एकादशी लागोपाठच्या दोन दिवशी येतात तेव्हा दोन घरांचे उपास एका दिवसानं हुकतात. वद्य पक्षाला आपण श्रावण म्हणतो तेव्हा उत्तरेत भाद्रपद चालू असतो, पण गोकुळाष्टमी एकाच रात्री होते. इथं मात्र पूर्ण महिन्याचा फरक पडणार. नदीच्या या काठावर खाडा गाळून पहिलं पाणी लागलेलं, पलीकडच्या काठावर खाडा चालू. नवं पाणी देवीला घालायची मिरवणूक एका काठावर निघाली आहे आणि पलीकडचे लोक दारात उभे राहून बघताहेत. सोळाव्या वर्षी पलीकडचे आपला खाडा गाळतील आणि दोन्ही काठ पुन्हा एका महिन्यात येतील. मधल्या वर्षात अलीकडच्या मुलीचं पलीकडे लग्न ठरलं असेल, तर पत्रिकेवर कुठला महिना घालायचा हे छापखानेवालाच विचारेल.

दर चक्राला ०.४ दिवस याप्रमाणे ७९ चक्रं झाली, म्हणजे ११८५ वर्षं, की देवळाच्या हिशेबातही पुरा एक महिना सरकलेला असेल. पहिलं पाणी नावाच्या महिन्यात जमीन कोरडी असेल. तेव्हा एका चक्रात चारऐवजी तीनच महिने गाळावे लागतील, आणि ते कुणीतरी दरवाजातल्या उजेडाकडे बघून सांगावं लागेल. गोष्ट कुठल्या साली सुरू करायची असा प्रश्न असेल, तर ११८४ व्या साली करावी.